पेद्रेगालच्या घाटात वर गेलेले हात

मी खोटं बोलत नाही. खोट्याची मला कधी गरजच पडली नाही. खरं तोंडावर बोलून भांडायला मी घाबरत नाही, मग खोटं कशाला बोलू?

सान तादेओच्या खोऱ्यात कुणालाही विचारा, दोन्या ब्रिहिदा आर्वीसू कशी बाई आहे. लोक मला मानानं दोन्या म्हणतात; म्हणतील, जिभेला धार आहे, पण शब्दाची पक्की.

तर ऐका.

हे रात्री घडलं नाही. भुतं रात्रीच येतात असं ज्यांना वाटतं, त्यांनी आमच्या पेद्रेगालच्या घाटात भर दुपारी एकटं उभं राहून दाखवावं.

१९१३ चा उन्हाळा लागत होता. सूर्य डोक्यावर. सावल्या पायाखाली. आजूबाजूला ढीगभर माणसं. कॅमेरा चालू...

आणि सगळ्यांच्या डोळ्यांदेखत माझ्या मुलाला लुटलं.

काय लुटलं, ते तेव्हा कुणालाच कळलं नाही.

लॉस एंजेलिसचे सिनेमावाले आमच्याकडे यायचे ते ऊन आणि गाडी या दोन गोष्टींसाठी. ऊन देवाचं होतं. गाडी माझी होती.

खरी टपालगाडी. चार घोड्यांची. माझा नवरा इलारियो, देव त्याला शांती देवो, तो तरुणपणी तीच गाडी घाटातून हाकायचा. पुढे रेल्वे आली. गाडी तबेल्यात पडून राहिली. माझ्या कोंबड्या तिच्यात अंडी घालायच्या. मग सिनेमावाले आले आणि कोंबड्यांच्या जागी पावडर लावलेल्या नट्या बसायला लागल्या.

फार फरक पडला नाही. कलकल तेवढीच.

त्यांचा प्रत्येक सिनेमा एकच असायचा. गाडी घाटात येते, खडकामागून दरोडेखोर निघतात, हात वर, पेटी खाली. मग कुणीतरी गोरागोमटा नायक येऊन सगळ्यांना वाचवतो. माझी गाडी आठवड्याला एकदा तरी लुटली जायचीच.

गाडी हाकायचा माझा मुलगा लिआंद्रो. नटांनी हाकून बघितली होती. पण चार घोडे उतारावर सुटले की त्यांच्या तोंडाचा रंग आपोआप उतरायचा. म्हणून गाडीवान लिआंद्रोच. बापाचा हात होता त्याला. लगाम असा धरायचा जसं कुणी झोपलेलं मूल धरावं.

दरोडेखोर आमच्याच खोऱ्यातले गुराखी. तोंडाला रुमाल बांधला की झाला दरोडेखोर. सकाळी जो प्रवासी म्हणून लुटला जायचा, तोच दुपारी रुमाल बांधून दुसऱ्यांना लुटायचा. कोण कोण आहे, हे कुणी बघायचंच नाही. तोंडच दिसत नाही तर बघणार काय?

आणि सिनेमा मुका. आवाज कुठेच जायचा नाही. त्यामुळे पोरं तोंडाला येईल ते बोलायची.

आमचा फेर्मीन पिस्तूल रोखून निकानोरला म्हणायचा, "माझी कोंबडी परत दे, चोरा!"

निकानोर हात वर करून थरथरत म्हणायचा, "कालच खाल्ली रे! चिवट होती, तुझ्या बायकोसारखी!"

आणि डायरेक्टर थर्लो साहेब भोंग्यातून ओरडायचा, "छान! फारच छान! आणखी घाबरा!"

हसून हसून पोट दुखायचं माझं.

त्या दिवसापर्यंत.

त्या दिवशी मी झाडाखाली जेवणाचं बघत होते. घेवडा, मिरची, मक्याच्या तोर्तियांची चळत. माझी सून तोमासा शेजारी बसली होती, मांडीवर छोटी पिलार. तिला नुकता दात फुटत होता, सारखी किरकिर.

ओटो नावाचा कॅमेरावाला वळणावर उभा होता. तो कॅमेऱ्याची मूठ फिरवताना नेहमी एक गाणं गुणगुणायचा. गाण्याच्या चालीवर हात फिरवला की वेग बिघडत नाही, असं त्याचं म्हणणं.

थर्लोनं रुमाल हलवला. गाडी आली.

धूळ... खडखडाट... घोड्यांचा फुत्कार.

खडकामागून दरोडेखोर निघाले. फेर्मीन माझ्या तांबड्या घोड्यावर. त्याच्यामागे बाकीचे, माझ्या काळ्यावर, माझ्या ठिपक्यावर. सगळे घोडे माझ्याच तबेल्यातले.

आणि मग...

एक राखाडी.

माझ्याकडे राखाडी घोडा नाही. त्या वेळी सगळ्या खोऱ्यात कुणाकडेच नव्हता. माणसांची नावं मी विसरते, त्याचं मला काही वाटत नाही. घोडा मी विसरत नाही.

मी हातातला डाव खाली ठेवला.

बाकीच्या घोड्यांच्या खुरांखालून धूळ उडत होती. त्या राखाडीच्या खुरांखालून... काही नाही.

टापांचा आवाज नाही.

खोगिराची करकर नाही.

तो स्वार सरळ गाडीवानाच्या बैठकीपाशी गेला आणि थांबला. तोंडाला रुमाल. टोपी डोळ्यांवर. गाडीच्या चारही घोड्यांचे कान एकदम त्याच्याकडे वळले.

लिआंद्रोचे हात वर गेले.

सिनेमात जातात तसे नाही. सावकाश... पंजे उघडे... जसं कुणी दोरीनं वर ओढावं तसे.

त्याचे ओठ हलत होते. तो काहीतरी विचारत होता. पुन्हा पुन्हा तेच.

"थांबवा!" मी ओरडले. "थर्लो, थांबवा ते! तो कोण आहे? कुणाचा घोडा आहे तो?"

थर्लोनं मागे वळूनसुद्धा पाहिलं नाही. "ओरडा दोन्या, खुशाल ओरडा! आवाज येत नाही त्यात!"

मी धावत निघाले तर दोघांनी मला दंडाला धरून मागे ओढलं. "दोन्या, मध्ये जाऊ नका, तुम्ही कॅमेऱ्यात दिसाल!"

मी त्यांना ओरबाडलं, शिव्या दिल्या. माझा मुलगा समोर हात वर करून बसला होता आणि मी ओरडत होते, आणि सगळे मजेत बघत होते.

ओटो गुणगुणत होता. मूठ फिरत होती.

शेवटी थर्लो ओरडला, "कट!"

सगळ्यांचे हात खाली आले. निकानोरनं कपाळाचा घाम पुसला. नट्या पाणी मागू लागल्या.

लिआंद्रोचे हात वरच.

राखाडी घोडा तिथे नव्हता. गेला कधी, कुठून... कुणास ठाऊक. एका बाजूला कडा, दुसऱ्या बाजूला दरी.

फेर्मीन हसला. "अरे उतर की! पुतळा झालास का? चिमण्या घरटं बांधतील बगलेत!"

लिआंद्रो हसला नाही. त्याला हात खाली घेता येत नव्हते. शेवटी दोघांनी वर चढून एकेक हात धरला आणि खाली दाबला. जुनं दार करकरतं तसा खांद्यांचा आवाज झाला.

मी त्याच्या तोंडावर पाणी मारलं. "काय झालं तुला?"

"आई," तो म्हणाला, "तो 'खाली घे' म्हणालाच नाही."

"कोण?"

"राखाडी घोड्यावरचा. फेर्मीनच होता म्हण ना."

"फेर्मीन माझ्या तांबड्यावर होता."

त्यानं मान फिरवून रिकाम्या रस्त्याकडे पाहिलं. मीही.

आता इथे मला माझ्या नवऱ्याचं एक सांगितलं पाहिजे.

खऱ्या टपालगाडीच्या काळात गाडीवानांचा एक नेम होता. दरोडेखोर आडवा आला की पेटी मागेल, ती द्यायची. तोंडाकडे बघायचं नाही. आणि एकदा हात वर केले की ते हात आपले नाहीत. ज्यानं वर करायला लावले, तो म्हणेल तेव्हाच खाली घ्यायचे. तोवर नाकावर माशी बसली तरी बसू द्यायची. जो मनानं हात खाली घ्यायचा, त्याला पुरायला लागायचं.

इलारियोनं लगामाआधी हा नेम मुलाला शिकवला होता.

आणि इलारियोनं स्वतः तो एकदा मोडला होता.

पेद्रेगालच्या घाटात, त्याच वळणावर, एका दरोडेखोरानं त्याला थांबवलं. राखाडी घोडा होता त्याचा. इलारियोनं हात वर केले. तेवढ्यात गाडीच्या टपावरच्या पहारेकऱ्यानं बंदूक झाडली. दरोडेखोर खोगिरावरून पडला. तोंडातून शब्दही निघाला नाही. त्याला तिथेच पुरलं, नाव कुणाला माहीत नव्हतं.

इलारियो लग्नाकार्यात हा किस्सा सांगून हसायचा. "मग घेतले मी हात खाली! मेलेल्याची परवानगी कुठून आणू?"

सगळे हसायचे. मीसुद्धा हसायचे.

पुढचे काही आठवडे काहीच झालं नाही. मी देवळात मेणबत्ती लावली आणि विषय सोडून दिला. लिआंद्रो गाडी हाकत होता. संध्याकाळी पिलारला खांद्यावर घेऊन घोड्यांना पाणी पाजत होता.

मग एका संध्याकाळी आम्ही जेवत होतो.

लिआंद्रोच्या हातातून तोर्तियाचा तुकडा खाली पडला.

त्याचे हात वर जाऊ लागले.

सावकाश... पंजे उघडे...

तोमासा हसली. तिला वाटलं थट्टा. मग तिनं त्याचा चेहरा पाहिला.

"लिआंद्रो? अहो? असं नका ना करू."

त्याचे डोळे आमच्याकडे नव्हते. माझ्या खांद्यावरून मागे बघत होते. मी वळून पाहिलं. भिंत होती. दुसरं काही नाही.

थोड्या वेळानं हात आपोआप मांडीवर पडले.

दुसऱ्या दिवशी पुन्हा. तिसऱ्या दिवशी पुन्हा. रविवारी तर दुपारपासून सारखं.

त्याच आठवड्यात थर्लोचा एक माणूस घोडे ठरवायला आला. खुशीत होता. "दोन्या, सिनेमा लागला लॉस एंजेलिसमध्ये! काय गर्दी आहे! तुमच्या लिआंद्रोची भीती बघायला लोक परत परत येतायत. रविवारी तर खेळावर खेळ!"

तो गेल्यावर तोमासा माझ्याजवळ आली. गरीब पोर, माझ्यासमोर सहसा तोंड उघडत नाही. त्या दिवशी तिचं तोंड पांढरं पडलं होतं.

"सासूबाई... तिकडे पडद्यावर ह्यांचे हात वर जातात ना... तेव्हाच इकडे जातात."

मी तिला म्हणाले, "वेडी आहेस."

पण मला माहीत होतं ती वेडी नाही.

त्यानंतर एकदा तो रिकामी गाडी घेऊन घाट उतरत होता. मध्येच हात वर गेले. लगाम सुटला. फेर्मीन शेजारी बसला होता म्हणून वाचले. त्यानं उडी टाकून लगाम धरला, पण गुडघा फोडून घेतला.

मी लिआंद्रोला बैठकीवरून खाली उतरवलं.

"आई, गाडी नाही तर मी काय करू?" तो म्हणाला. "कोंबड्या राखू?"

"राख. जिवंत माणसंच कोंबड्या राखतात."

त्या दिवसापासून त्यानं पिलारला उचलणंही सोडलं. कुणी सांगितलं नव्हतं. पोर त्याच्याकडे रांगत जायची, पँट धरून उभी राहायची, आणि तो हात पाठीमागे बांधून नुसता बघत राहायचा.

ते मला बघवेना.

मी आगगाडीनं लॉस एंजेलिसला गेले. थर्लोच्या टेबलासमोर उभी राहिले.

"तो सिनेमा बंद करा."

त्याला वाटलं मला जास्त पैसे पाहिजेत. मी त्याला काय हवं ते चार शब्दांत सांगितलं. तो हसला नाही, हे त्याच्या बाजूनं बोलायला हवं.

"दोन्या, त्याच्या प्रती कुठे कुठे गेल्या ते मलाही ठाऊक नाही. गावोगाव फिरतायत. एक तर समुद्रापलीकडे गेली. तुमचा मुलगा जगभर पोहोचला!"

हे त्यानं आनंदाची बातमी सांगावी तसं सांगितलं.

मी परत आले. आयुष्यात पहिल्यांदा कुणाशी भांडून रिकाम्या हातानं परत आले. भांडायचं तरी कुणाशी? गावोगावच्या पडद्यांशी?

शेवटी सिनेमा आमच्याच गावात आला. रविवारी दुपारी, धान्याच्या कोठारात पडदा लावून, बाकडी मांडून.

मी उर्सुलाला घेऊन गेले. उर्सुला माझी नणंद. जन्मापासून बहिरी, पण समोरच्याचे ओठ बघून बोलणं ओळखते. सिनेमा तिच्याइतका कुणालाच कळत नाही. नटी डोळे मिटून प्रेमाचं बोलतेय असं आपल्याला वाटतं, आणि उर्सुला खुणेनं सांगते, "बूट चावतोय म्हणतेय."

लिआंद्रोनं हट्ट धरला. "मीही येतो. एकदा बघू दे मला." आम्ही त्याला दोघींच्या मध्ये बसवलं.

अंधार झाला. कोपऱ्यात एक पोरगी पियानो बडवायला लागली.

पडद्यावर घाट आला. माझी गाडी आली. धूळ उडाली. खडकामागून फेर्मीन निघाला, मागून बाकीचे.

मी राखाडी घोड्याची वाट बघत होते.

तो आलाच नाही.

पडद्यावर तो नव्हता. बैठकीशेजारी, जिथे मी त्याला या डोळ्यांनी पाहिलं होतं, तिथे रिकामी जागा होती. ऊन पडलेला रस्ता, आणि काही नाही.

पण चारही घोड्यांचे कान त्या रिकाम्या जागेकडे वळले.

पडद्यावर लिआंद्रोचे हात वर गेले.

माझ्या शेजारी, अंधारात, लिआंद्रोचे हात वर गेले.

मागच्या बाकावरून कुणीतरी खेकसलं, "ए, हात खाली कर! दिसत नाही आम्हाला!"

लोक हसले.

"ए पुढच्या! बहिरा आहेस का? हात खाली!"

मी त्याचा दंड धरला. लाकडासारखा.

उर्सुलानं माझा हात घट्ट पकडला होता. तिचे डोळे पडद्यावरून हलत नव्हते. ती तिच्या त्या तुटक, जाड आवाजात एकेक शब्द सांगू लागली. पडद्यावरचे लिआंद्रोचे शब्द.

"साहेब... खाली... घेऊ का?"

मग थांबली.

"वडिलांनी... घेतले असतील. मी... नाही घेणार... तुम्ही सांगितल्याशिवाय."

पियानो धडाधड वाजत होता.

"साहेब, खाली घेऊ का?"

"साहेब..."

"खाली घेऊ का?"

नायक घोड्यावरून आला. लोकांनी टाळ्या वाजवल्या. लिआंद्रोचे हात मांडीवर पडले. तो रडत होता. मोठा झाल्यापासून त्याला रडताना मी पाहिलं नव्हतं, बापाच्या मातीलासुद्धा नाही.

"आई, तो उत्तरच देत नाही."

मग आम्ही सगळं करून बघितलं. हात वर गेले की फेर्मीन रुमाल बांधून, घोड्यावर बसून समोर यायचा आणि म्हणायचा, "घे रे खाली. मी सांगतो, घे." आमचे पाद्री पवित्र पाणी शिंपडून तेच म्हणाले. मी तर किती वेळा म्हणाले. लाडानं म्हणाले, दरडावून म्हणाले, पाया पडून म्हणाले.

ते हात आमचं कुणाचंच ऐकत नव्हते. आमचे नव्हतेच ते.

तेव्हा मी ठरवलं. ज्याचे आहेत, त्यालाच विचारायचं.

एका दुपारी, सगळे जेवून आडवे झाल्यावर, मी स्वतः गाडी जुंपली. तोमासानं पाहिलं. पिलारला छातीशी धरून फाटकापर्यंत आली, तेवढंच.

पेद्रेगालच्या वळणावर गाडी थांबवली. ब्रेक ओढला.

ऊन असं की दगड तडकतील. वारा नाही. पानाची सळसळ नाही.

मी वाट बघत बसले.

रातकिडे दुपारीही ओरडतात आमच्याकडे. ते ओरडत होते...

आणि एकदम थांबले.

घोड्यांचे कान वळले. चारही घोड्यांचे. एकाच बाजूला.

मी मान वळवली नाही. तोंडाकडे बघायचं नाही, हे मलाही ठाऊक होतं. मी चाकाच्या तुंब्याकडे नजर लावून बसले. नजरेच्या कडेला चार राखाडी खूर आले. चाकाजवळ थांबले. खुरांखालची धूळ जशीच्या तशी. एक कणही दबला नव्हता.

चाकाच्या त्या बाजूनं गारवा यायला लागला. तळघराचं दार उघडल्यावर येतो तसा.

माझे हात वर गेले.

मी नेले नाहीत. गेले.

माझी जीभ टाळूला चिकटली. ज्या जिभेला सगळं खोरं घाबरतं ती जीभ. मी आयुष्यात कधी कुणाकडे काही मागितलं नव्हतं. मागायचं कसं ते मला येतच नव्हतं.

"साहेब," मी म्हणाले. "तो इलारियो नाही. इलारियो मेला. तो त्याचा मुलगा आहे. त्याला लहान पोर आहे. साहेब, त्याला हात खाली घ्यायला सांगा."

काही नाही.

"मी विनवते. तुमच्या आईची शपथ. त्याला हात खाली घ्यायला सांगा."

काही नाही...

काही नाही...

मग अगदी माझ्या कानाशी, रुमालाआडून यावा तसा, एक हळू, सभ्य आवाज आला.

"खाली."

एकच शब्द. त्याच्याबरोबर श्वास नव्हता.

माझे हात मांडीवर पडले. रातकिडे ओरडायला लागले. मी वळून पाहिलं तेव्हा रस्ता रिकामा होता.

घोडे कसे पळवले, घरी कशी आले, मला आठवत नाही.

लिआंद्रो अंगणात बाकावर बसला होता. हात मांडीवर. चेहरा शांत. किती दिवसांनी तो चेहरा मी तसा पाहिला.

"आई," तो म्हणाला, "त्यानं सांगितलं. मी इथे बसून ऐकलं."

मी त्याच्या गळ्यात पडले. तोमासा रडत होती, हसत होती. उर्सुला टाळ्या पिटत होती. संध्याकाळ झाली. खेळाची वेळ आली. आम्ही सगळे त्याच्या हातांकडे बघत बसलो.

हात हलले नाहीत.

वेळ टळून गेली. हात हलले नाहीत!

मी कोंबडी कापायला सांगितली. फेर्मीन लंगडत आला आणि म्हणाला, "माझीच कोंबडी असेल, चोरांनो!" सगळे हसलो.

तोमासानं पिलारला उचललं आणि नवऱ्यापुढे धरलं. पोरीनं दोन्ही हात पसरले.

"घ्या ना," तोमासा म्हणाली. "आता घ्या."

लिआंद्रोनं पोरीकडे पाहिलं. मग स्वतःच्या हातांकडे.

हात मांडीवर होते.

"घ्या ना हो..."

त्याच्या कपाळावर घाम आला. मानेच्या शिरा फुगल्या. खांदा उडाला. हात मांडीवरच.

पिलार हात पसरून त्याच्याकडे झेपावत होती.

"आई," लिआंद्रो अगदी हळू म्हणाला, "त्यानं खाली घ्यायला सांगितलं. वर घ्यायला नाही सांगितलं."

या गोष्टीला आता बरीच वर्षं झाली. डॉक्टर आले, बघून गेले. म्हणाले, हाडं ठीक आहेत, शिरा ठीक आहेत, काही बिघडलेलं नाही. बिघडलेलं नाही म्हणे!

मी त्याला भरवते. तोमासा त्याची दाढी करते. पिलार मोठी झाली, पण बापाच्या मिठीत ती पुन्हा कधी गेली नाही. ती स्वतःच त्याचे हात उचलून आपल्या गळ्याभोवती घेते. सोडले की ते खाली पडतात.

तो सिनेमा आता कुणी दाखवत नाही. प्रती झिजल्या, जळल्या, फेकून दिल्या. थर्लो कुठे गेला माहीत नाही. मी पेद्रेगालला कितीदा जाऊन आले. सगळा उन्हाळा गेले, पावसात गेले. गाडी थांबवली, चाकाकडे बघत बसले, त्याला 'वर' म्हणा म्हणून हाका मारल्या.

रातकिडे थांबतच नाहीत.

पाद्री म्हणतात, "दोन्या, मागताना नीट विचार करून मागायला हवं होतं."

मी त्यांना म्हणाले, "पाद्रीबाबा, आईनं आणखी कसं मागायचं ते तुम्ही शिकवा मला."



या वर्षी घाटाखालून, आमच्या फाटकावरून, मोटारींचा नवा रस्ता काढलाय; घाटात आता कुणी जात नाही. तेव्हापासून एक नवीनच चाललंय. दुपारी सगळे आडवे झाले की तबेल्यातले घोडे एकदम गप्प होतात. शेपट्यासुद्धा हलत नाहीत. मी जाऊन बघते. सगळ्यांचे कान आमच्या फाटकाकडे.

फाटकात कुणी नसतं.

शेजारणी म्हणतात, दुपारचं घर असं सताड उघडं टाकून बसू नये, रस्त्यानं चोराचिलटांची ये-जा वाढलीय. बसू नये, मलाही कळतं.

पण मी रोज दुपारी फाटक उघडते. दाराचा अडसर काढते. आणि बाहेर नजर न टाकता, मान खाली घालून, लिआंद्रोशेजारी बसून राहते.

आमच्या घराचं दार आता दरोडेखोरासाठी उघडं आहे.